थांबवलेला खेळ

या मंडळी, जरा जवळ सरकून बसा, एका थांबवलेल्या खेळाची गोष्ट ऐका.

वाकडच्या फ्लॅटमध्ये अवधूत टीव्हीवर लहानपणीचा व्हिडिओ गेम खेळत होता. नव्या सबस्क्रिप्शनमध्ये सगळे जुने खेळ परत मिळाले होते. शेवटचा राक्षस जन्मात पहिल्यांदा समोर आला आणि नेमकी आईच्या टीव्हीवरच्या कीर्तनाची वेळ झाली.

"खेळ तू, मी आत पडते," म्हणत पद्मजाबाई उठल्या. अवधूतने खेळ थांबवून कीर्तन लावलं.

"अरे, गेला ना तुझा खेळ!"

"नाही जात, आई. चॅनेल बदललं तरी तो तिथेच थांबतो. आपल्या थेरगावच्या जुन्या घरीसुद्धा थांबला असता."

"मग लहानपणी क्लासला जाताना का बजावायचास, टीव्हीला हात लावू नकोस, सगळं पुसलं जाईल म्हणून?"

"मलाच कुठे माहीत होतं तेव्हा."

पद्मजाबाई हसल्या. "किती निरूपणं हुकली रे माझी. पण तुझा गडी एकदाही मरू दिला नाही मी."

अवधूत रिमोट त्यांच्या हाती देऊन पायाशी बसला.

मंडळी, कीर्तन पोटभर ऐका. पण तुमच्या खेळापायी जिचं कीर्तन हुकलं, तिची आठवण असू द्या.