उरलेलं

"दहा किलो उतरवा, मगच गुडघ्याचं ऑपरेशन," डॉक्टरांनी बजावलं. इंदुमतीबाईंनी खाण्याची वही पुढे केली. रोज दोन पोळ्या, वाटीभर भात, भाजी.

"हवा खाऊन फुगते ती," यजमान खुशीत म्हणाले.

"घरात उरलेलं कोण संपवतं?" डॉक्टरांनी विचारलं.

"मीच. हे निम्मं ताट टाकून उठतात. अन्न वाया जाऊ नये म्हणून तोंडात टाकते. ते जेवणात कशाला धरायचं?"

"तेच धरा," डॉक्टर म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दुपारी यजमान निम्मं ताट टाकून उठले. बाईंनी ते झाकून ठेवलं आणि संध्याकाळी तेच त्यांच्यापुढे सरकवलं.

"अगं, हे उष्टं आहे."

"तुमचंच आहे. तीस वर्षं मी खाल्लं," बाई म्हणाल्या. "मीठ हवं तर सांगा."