एकदाच जळणारं घर

दुपारी साडेचारला घर पेटवायचं ठरलं होतं. नाशिकबाहेर, पेठ रस्त्याच्या उतारावर कुडाच्या भिंती आणि गवताचं छप्पर घालून सिनेमासाठी उभं केलेलं घर. दुसरं बांधायला दिवस उरले नव्हते. टेक एकच मिळणार होता.

दोन कॅमेरे लागले होते. समोरचा, मुख्य, ललितकडे. बाजूचा कुंदनकडे.

कुंदनने पन्नाशी ओलांडली होती. आधी नाशिकच्या बातम्या, मग मालिका, असा त्याने अर्धा जन्म कॅमेऱ्यामागे काढला होता. ओझरजवळच्या मळ्यातून ललित पहिल्यांदा त्याच्याकडे आला, तेव्हा त्याला ट्रायपॉडही धड उघडता येत नव्हता. सगळं कुंदनने शिकवलं. आज कॉलशीटवर ललितचं नाव वर होतं आणि त्याचं खाली.

छायाचित्रणकार योगिनीताईंनी सकाळीच दोघांना सांगितलं होतं, "पुढच्या सिनेमाला एकाच कॅमेरा ऑपरेटरची जागा आहे. आजचा शॉट बघून ठरवीन."

"दादांनाच घ्या, मॅडम," ललित म्हणाला. "मी त्यांच्या हाताखालचा."

ते कुंदनला जास्त झोंबलं. जागा जिंकणाऱ्यालाच असं बोलणं परवडतं.

जेवताना त्याने ललितची जुनी गोष्ट काढली. ती तो प्रत्येक सेटवर काढायचा.

"याचं पहिलं लग्न! शूटिंगचं रे, याला स्वतःला कोण पोरगी देतंय? तर कॅमेरा आधीच चालू. यानं चालू करायला बटण दाबलं, तो झाला बंद. मंगलाष्टकं संपल्यावर बंद करायला दाबलं, तो झाला चालू. दिवसभर सगळं उलटं! कार्डावर काय? चपला, खुर्च्यांचे पाय आणि आचाऱ्याची ढेरी. नवरा-नवरी कुठंच नाहीत!"

सगळे पोट धरून हसले. ललितही हसला.

"नवरीच्या बापापुढे दादाच उभे राहिले तेव्हा," एवढं म्हणून तो ताट घेऊन उठला.

चारच्या सुमारास योगिनीताईंनी दोन्ही कॅमेऱ्यांच्या, रेकॉर्डिंग चालू असताना पेटणाऱ्या लाल दिव्यांवर काळी टेप लावायला सांगितली. चाचणी घेताना ओट्यावरच्या पितळी हंड्यात ते चमकले होते. ललितने फ्रेम लावून घेतली. लेन्सवर ऊन येऊ नये म्हणून कॅमेऱ्याचं तोंड बाजूला, कुंदनच्या कॅमेऱ्याकडे वळवून ठेवलं आणि आग आधी कुठून लागणार ते विचारायला तो घरामागे गेला.

कुंदन ललितच्या कॅमेऱ्यामागे आला. खिशातला रुमाल काढून व्ह्यूफाइंडर पुसला आणि पुसता पुसता लाल बटण एकदा दाबलं. कुणी पाहिलं असतं तरी काय दिसलं असतं? गुरू शिष्याचा कॅमेरा पुसतोय.

मग तो मागच्या मागे अग्निशमनच्या गाडीपाशी गेला आणि मुद्दाम रेंगाळत चहा प्यायला.

"कुठं होतात, दादा?" परत येताना ललित वाटेत भेटला. "ऊन लय आहे. पाणी ठेवलंय तुमच्या कॅमेऱ्यापाशी."

"बरं केलंस."

घर पेटवायला पुंजा टेंभा घेऊन उभा होता. "मॅडम, गवत पार वाळलंय बरं का. एकदा लागलं की माझं नाय ऐकायचं."

"रोल!" योगिनीताई ओरडल्या.

दोघांनी एकाच वेळी बटण दाबलं.

छपराने भडका घेतला. कुंदनचा एक डोळा व्ह्यूफाइंडरला होता, लक्ष सगळं ललितकडे. कळलं का याला? नव्हतं कळलं. तो शांतपणे कॅमेरा वर नेत होता, अगदी कुंदनने शिकवलं होतं तसा. आढं कोसळलं, ठिणग्या उडाल्या. योगिनीताईंनी कट म्हटल्यावर टाळ्या पडल्या.

"जमलं ना, दादा?" ललितने विचारलं.

"माझं जमलं. तुझं?"

"बघू आता."

दिवस कलताना सगळे टेम्पोत अश्विनच्या लॅपटॉपभोवती जमले. शूट झालेली कार्डं उतरवून घ्यायचं काम त्याचं. त्याने आधी ललितचं कार्ड लावलं, वरखाली शोधलं आणि मान वर केली.

"मॅडम, यात आग नाहीये."

ललितचा चेहरा पांढरा पडला होता. कुंदनने त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

"होतं असं, पोरा. मॅडम, काळजी करू नका. माझ्याकडे सगळं आहे."

अश्विनने कुंदनचं कार्ड उचललं.

"थांब," योगिनीताई म्हणाल्या. "आधी ललितच्या कार्डातली शेवटची क्लिप लाव. कॅमेरा कधी चालू झाला ते तरी कळू दे."

कुंदनने हात काढला नाही. बटण दाबताना तो कॅमेऱ्यामागे होता. लेन्सपुढे गेलाच नव्हता.

पडद्यावर उतार दिसला. मधोमध कुंदनचा कॅमेरा, आसपास कुणी नाही. मग डावीकडून ललित आला. त्याने पाण्याची बाटली खाली ठेवली, मागे वळून पाहिलं, आणि कुंदनच्या कॅमेऱ्याचं लाल बटण एकदा दाबलं.