पान एकेचाळीस

“पान एकेचाळीसवरचं ते नाव काढ, स्टेनवोर,” गळ्यापर्यंत गरम पाण्यात बसलेली मंत्रीणबाई हाल्बेरा म्हणाली.

पोहण्याच्या तलावाशेजारच्या हौदात दोघीच होत्या. बाहेर बर्फ भुरभुरत होता. आमच्या आइसलँडात देशाचे निम्मे निर्णय अशा हौदातच होतात. उरलेले निम्मे घरी पोचेपर्यंत बदलतात. मंत्र्यालाही नावानेच हाक मारायची. पोहण्याच्या कपड्यांत तसाही कुणाचा रुबाब चालत नाही.

स्टेनवोरने आठ वर्षं खपून सरकारी इमारतीचा इतिहास लिहिला होता. ही इमारत मुळात तुरुंग म्हणून बांधलेली. चोर गेले, कारभारी आले, भिंती त्याच राहिल्या. यावरचे विनोद आम्हीच करून टाकतो, पाहुण्यांसाठी शिल्लक ठेवत नाही. पुस्तक उद्या छापखान्यात जायचं होतं. प्रस्तावना हाल्बेराची, म्हणून कच्ची प्रत तिच्याकडे गेली होती.

एकेचाळिसाव्या पानावर ओड्डूर नावाचा कैदी होता. तीन मेंढ्या चोरल्या, आणि चौथी चोरताना थंडी वाजली म्हणून तिलाच बिलगून झोपी गेला आणि तसाच पकडला गेलेला. दोन पानं पुढे कैद्यांचे सुके मासे विकून खाणारा तुरुंगाधिकारी होता. दोघांनाही स्टेनवोरने अगदी चवीने रंगवलं होतं.

“का काढू?”

“देश एवढासा. कुणाच्या तरी जिव्हारी लागेल.”

स्टेनवोर भडकली. आमच्याकडे प्रत्येकाला हजार वर्षांची वंशावळ पाठ असते, आणि प्रत्येकाच्या वंशावळीत सरदार नाहीतर बिशप. मेंढ्या कुणी चोरल्या, देव जाणे.

“आता कळलं! तुझा खापरपणजोबा असणार तो. इतिहास कुणाच्या आजोबांची अब्रू झाकायला नसतो, बाई. एक अक्षर बदलणार नाही. प्रस्तावना नको देऊस, पुस्तक अडव, काय करायचं ते कर. आमच्या घराण्यात बिशप होऊन गेलाय, आम्ही खऱ्याला भीत नाही!”

हाल्बेराने तोंडावर पाणी मारलं.

“वंशावळ ताडून पाहिलीस?”

“चोराची? मला काय गरज?”

“मी पाहिली. तुझ्या बिशपाच्या नातवाने ओड्डूरच्या मुलीशी लग्न केलं. ओड्डूर तुझा आहे.”

त्या कढत पाण्यातही स्टेनवोरला हुडहुडी भरली. आठ वर्षं ती ज्याला हसली, तो घरचाच निघाला. तिला रडूच यायला लागलं. मग तिला रागही आला.

“आणि तुझं कुणीच नव्हतं वाटतं त्या तुरुंगात?”

“होतं की,” हाल्बेरा पायरीवर उभी राहून टॉवेल गुंडाळत म्हणाली. “पान त्रेचाळीसवरचा तुरुंगाधिकारी. त्याला राहू दे. फार छान लिहिलायस.”