पुढे बघून चाल

“वहिनी, बघवेना झालं की सांगा. लगेच थांबवू,” दिग्दर्शक म्हणाला आणि त्यानं खोलीतला दिवा मालवला.

वहिनींनी नुसती मान हलवली. दवाखान्यात नंबर लागायची वाट बघावी तशा त्या खुर्चीच्या कडेला बसल्या होत्या, पर्स मांडीवर घट्ट धरून. मागच्या वर्षी पूल पडला, त्यावरचा हा माहितीपट. त्यात त्यांचा मुलगा होता. त्या दिवशी सकाळी तो शाळेला निघाला तेव्हा त्यांनीच फोनवर टिपलेला. त्या हो म्हणाल्या तरच तो सिनेमात राहणार होता.

पडद्यासमोर एडिटरबाई बसल्या होत्या. उमेदीची वर्षं माहितीपटांत घालवून त्या मग कथापटांकडे वळल्या, आणि आता फिरून इकडे आल्या होत्या. मघाशी चहा पिताना दिग्दर्शक कौतुकानं सांगत होता, “आमच्या ताईंनी किती जणांना मारलंय, विचारू नका. मेलेल्याचं काम करणाऱ्या नटाचीसुद्धा छाती हलते ना, त्या बरोब्बर त्याच्या आधी कापतात.” एवढं बोलून त्याची जीभ अडखळली. मग त्यानं उगाचच वहिनींपुढे बिस्किटं सरकवली.

पूल झाला, नदी झाली, साहेबांची उडवाउडवीची उत्तरं झाली. शेवट जवळ आला तसा दिग्दर्शक एडिटरबाईंच्या कानाशी वाकला.

“कळणार नाही ना त्यांना?”

“आई आहे ती.”

पडद्यावर लांब, रिकामा व्हरांडा दिसला. त्याच्या टोकाकडून एक मुलगा आला. पाठीवर दप्तर, हात हलवत, हसत. आवाज कसलाच नव्हता. तो जवळ येत गेला, चेहरा मोठा होत गेला, आणि अंधार झाला.

दिवा लावायला कोणी उठलं नाही.

“हे परत दाखवता?” वहिनी म्हणाल्या.

एडिटरबाईंनी परत दाखवलं.

“हे मी तो जाताना काढलं होतं,” वहिनी म्हणाल्या. “माझ्याकडे तोंड करून उलटा चालत गेला, टाटा करत. तुम्ही ते फिरवलंत.”

“हो.”

“आणि माझा आवाज काढलात.”

“दृश्य उलटं केलं की आवाज चालत नाही. काढावाच लागतो.”

“ओरडत होते मी त्याला. पुढे बघून चाल, पडशील. रोजचंच.” पर्सची चेन त्यांनी थोडी उघडली, परत लावली. “शेवटचं तेच बोलले.”

दिग्दर्शक खुर्ची सरकवून पुढे आला. “वहिनी, चुकलं आमचं. माहितीपटात असं करायचं नसतं. ताई, होतं तसं लावून टाका. जाऊ दे त्याला.”

“नको,” वहिनी म्हणाल्या. “येतोय ना तो. येऊ दे.”

त्या एडिटरबाईंकडे वळल्या.

“याच्यापुढे अजून आहे थोडं. माझा हात आहे. निघायच्या आधी कॉलर नीट केली होती मी त्याची.”

“आहे,” एडिटरबाई म्हणाल्या. “हात मध्येच येतो, म्हणून मी कापलं होतं.”

त्यांनी कापलेला तुकडा जोडला आणि दृश्य सुरू केलं. मुलगा व्हरांड्याच्या टोकाकडून आला. जवळ आला, आणखी जवळ आला. कडेनं एक हात पडद्यात शिरला. बोटं हवेत उघडी होती. ती पुढे झाली आणि कॉलरवर मिटली.

“इथे थांबवा.”

एडिटरबाईंचं बोट बटणावरच होतं. मुलाचा शर्ट छातीवर हलकेच वर झाला, खाली गेला.

मग त्यांनी बटण दाबलं.