सुपूर्दनाम्यावर आणलेली गाडी

कचरू ताडपत्री खांद्यावर टाकून हर्सूलच्या गल्लीत वळला, तेव्हा त्याच्या दारातून साबणाचा फेस वाहत येत होता. तो पळतच आत गेला. अंगणात त्याची बायको सत्यभामा पदर खोचून बसली होती आणि मेलेल्या पोराची, अतुलची मोटारसायकल घासत होती.

"अगं, काय केलंस हे!"

तिनं वर पाहिलं नाही. कचरूनं ताडपत्री टाकली आणि गाडीच्या डाव्या बाजूला जाऊन गुडघ्यावर बसला. टाकीवर बोटं फिरवली. पत्रा लख्ख झाला होता. लाल रंगाचा कणसुद्धा उरला नव्हता.

सगळी पायपीट त्या लाल रंगासाठीच तर होती. शेंद्र्याच्या कारखान्यातली पाळी संपवून येताना अतुलला वस्तीतल्या वजनदार आप्पासाहेबांच्या पोरानं जीपनं उडवलं, हे सगळ्या वस्तीला ठाऊक होतं. आप्पासाहेब म्हणत होते, आमची जीप त्या दिवशी घराबाहेरच पडली नाही. पारावर बोलणारे पुष्कळ. कोर्टात बोलायचं म्हटलं की सगळ्यांची दातखीळ. बोलणारा एकच होता, टाकीला घासून गेलेला जीपचा रंग. त्याचा नमुना अजून तपासणीला गेला नव्हता. गाडी पोलिसांच्या आवारात उघड्यावर पडली होती आणि आप्पासाहेबांची माणसं तिथं रोज चहाला जात होती.

"मामा, खटला चालंल तेव्हा चालंल," करुणा वकीलबाई म्हणाल्या होत्या. "गाडी तिथं राहिली तर रंग राहायचा नाय. आपण सोडवून आणू."

कोर्टानं गाडी सुपूर्दनाम्यावर, म्हणजे खटला संपेपर्यंत सांभाळायला दिली. विकायची नाही, दुरुस्त करायची नाही, बोलावतील तेव्हा आहे त्या हालतीत हजर करायची. सकाळी कचरूनं ती टेम्पोत घालून आणली. अख्खा रस्ता तो टाकीवर आपलं उपरणं धरून बसला होता. बायकोला त्यानं एवढंच सांगितलं, हात लावू नको, कोर्टाची आहे. रंगाचं सांगितलं नाही. पोरगं कुठून चिरडलं, हे आईला कुठल्या तोंडानं दाखवायचं?

"हात लावू नको म्हणलो होतो का नाय?" त्याचा हात उगारला गेला. "तेवढाच एक साक्षीदार होता आपला! त्यो जीपचा रंग होता! आता वाटंल आप्पासाहेब पेढे!"

सत्यभामेचा हात थांबला. आपण काय धुऊन टाकलं, ते तिला आत्ता कळलं.

"मला काय ठावं, ओ," ती म्हणाली. "दवाखान्यातनं पोरगं कापडात बांधून दिलं. सोडू नका म्हणले, तसंच नेलं. आंघोळ नाय, तोंड धुणं नाय. आज त्याची गाडी दारात आली तर तिच्यावर त्याचं रगत तसंच. माझ्यानं बघवलं नाय."

कचरूचा हात खाली आला. वकीलबाईंना कळवायला हवं होतं. त्यानं फोन काढला, नाव शोधलं आणि परत खिशात ठेवला. राग कुणावर काढावा, तेही त्याला कळेना.

मग तो उठला. बादलीतलं काळं पाणी नालीत ओतलं. नळावरून बादली भरून आणली आणि सदरा काढून बायकोशेजारी बसला.

"पाठ राह्यली त्याची," तो म्हणाला. "अन् ती तारेची घासणी ठेव बाजूला. लागंल त्याला."