मुकादमाचं नाक

मुकादम उठला, चारही पाय ताणून आळस दिला आणि सरळ ओव्हनपाशी जाऊन उभा राहिला. आजोबांनी हातमोजे चढवले आणि ट्रे बाहेर काढला. बिस्किटं अगदी बदामी झाली होती. एकाचीही कड काळी नव्हती.

सून नुकतीच जिन्यावरून खाली आली होती. आजोबांनी कौतुकानं ट्रे तिच्यापुढे धरला. तिनं मान डोलावली आणि जिन्याच्या दारापाशी पडलेला चुरा झाडायला घेतला. हे दार ओव्हनला अगदी लागून. त्याच्याखाली बोटभर फट होती, तेवढी बुजवायची राहूनच गेली होती.

आजोबांनी चाळीस वर्षं बेकरी चालवली, ती निव्वळ नाकावर. घड्याळ बघून भाजणारा तो बेकरीवाला कसला, असं ते येईल त्याला ऐकवायचे. मग गेल्या वर्षी तापात त्यांचं नाक गेलं ते गेलंच. आता गुलाब काय आणि फिनेल काय, दोन्ही सारखंच. माणसांसाठी भाजायचा धीर होईना, म्हणून त्यांनी कुत्र्याची बिस्किटं करायला घेतली. गव्हाचं पीठ, उकडलेला भोपळा, एक अंडं. मीठ नाही, साखर नाही आणि गिऱ्हाइकाची कटकट नाही.

पण पहिल्या तीन ट्रेंचा कोळसा झाला. तिसऱ्या वेळी तर पडदाच पेटला. सून वरच्या मजल्यावरून धावत आली, पडदा विझवला आणि म्हणाली, "बाबा, घड्याळ लावा. आता एक ट्रे जरी जळला, तरी हा ओव्हन घरातून जाईल."

आजोबांनी घड्याळ लावलं नाही. दोन दिवस ते तिच्याशी बोलले नाहीत. ओव्हन गेला तर सकाळी उठायचं तरी कशाला, हे त्यांना कळत नव्हतं आणि कोणाला विचारवतही नव्हतं.

त्याच आठवड्यात मुकादमानं ही कामगिरी सुरू केली. भोपळा ओला निघो की कोरडा, ओव्हन तापो की रुसो, हा पठ्ठ्या नेमक्या क्षणी उठायचा. शेजारीपाजारी बघायला येऊ लागले. आजोबांना तर रोज भरून यायचं. मुक्या जनावराला देवानं काय नाक दिलंय, म्हणत ते त्याच्या डोक्यावरून हात फिरवत राहायचे.

बाकी मुकादम तसा कामचुकार. बिस्कीट कपाटाखाली घरंगळलं तर त्याला सापडायचं नाही, अगदी डोळ्यांसमोर धरावं लागायचं. साहेब लोक बारीकसारीक कामात लक्ष घालत नाहीत, असं म्हणून आजोबा हसायचे. बरणीचं झाकणही रोज सैल दिसायचं. तो आळही मुकादमावरच.

एकदा जनावरांचे डॉक्टर इंजेक्शन द्यायला आले. हा चमत्कार ऐकून त्यांनी तीन कप पालथे घातले आणि एकाखाली बिस्कीट ठेवलं. मुकादम नुसता शेपटी हलवत बसला. त्यांनी उग्र वासाचं औषध त्याच्या नाकाशी नेलं. तो ढिम्म.

"आजोबा, याला वासच येत नाही," डॉक्टर म्हणाले. "लहानपणीच्या आजारात नाक गेलं असणार. तुमच्यासारखंच."

सुनेनं कप उचलले आणि ती वर निघून गेली.

दुसऱ्या दिवशी आजोबांनी ट्रे आत सरकवला आणि खुर्ची मुकादमाकडे तोंड करून ठेवली. मुकादम घोरत होता. बऱ्याच वेळानं त्याचा एक कान हलला. त्यानं डोळे उघडले, उठला आणि चालू लागला. तो ओव्हनकडे बघतच नव्हता, त्याची नजर खाली फरशीवर होती.

आजोबांनी हातमोजे तसेच ठेवले आणि जिन्याचं दार उघडलं.

शेवटच्या पायरीवर सून बसली होती, फटीकडे वाकून, डोळे मिटून, एकेक श्वास जपून घेत. कालचं अर्धं बिस्कीट तिच्या हातात होतं. उरलेलं अर्धं मुकादम चावत होता.

तिनं डोळे उघडले.

"बाबा," ती म्हणाली, "आधी ट्रे काढा."