खंडाचा दिवस

भामरे साहेबांनी शपथ घेतली आणि लगेच खोटं बोलायला सुरुवात केली. संघमित्रा सपकाळे आमच्या कार्यालयात सलग अशा कधीच नव्हत्या, असं त्यांनी जळगावच्या कोर्टात सांगितलं. अधूनमधून यायच्या. गरज पडली की बोलवायचो.

समोरच्या बाकावर संघमित्रा मांडीवर हात ठेवून बसली होती. हे 'अधूनमधून' एकवीस वर्षांचं होतं. सावद्याकडच्या एका लहानशा सरकारी कार्यालयात ती तेविसाव्या वर्षी टायपिस्ट म्हणून लागली. आता चव्वेचाळीस वर्षांची झाली, अजून तात्पुरतीच.

तात्पुरती ठेवायची युक्ती अशी होती. दर एकोणनव्वद दिवसांनी तिला एका दिवसाचा खंड द्यायचा. त्या दिवशी हजेरीपत्रकावर तिची सही नाही. नव्या आदेशानं दुसऱ्या दिवसापासून नवी नेमणूक आणि तीच जुनी खुर्ची. अशानं एकवीस वर्षांचे तुकडे होतात, आणि तुकड्यांना कोणी कायम करत नाही. आज हा खंड खरा ठरला, तर तिचा दावा संपला. पहिल्या तारखेपासून त्या खुर्चीवर ठेकेदाराचा माणूस बसणार होता.

तिच्या शेजारी भटू होता. त्याच कार्यालयाचा रखवालदार, त्याच दाव्यातला. साहेबांकडे बघत तो तिच्या कानाशी कुजबुजला, "ताई, हाऊ आपले अधूनमधून म्हनस. याना पोरना लगीनमा मांडव मीच बांधा."

संघमित्रानं त्याला डोळ्यांनीच गप्प केलं.

सरकारी वकिलांनी आदेशांचा गठ्ठा पुढे ठेवला. पंच्याऐंशी आदेश. सगळ्यांचे समास सारखे, कुठे खाडाखोड नाही. तो पाहून साहेबांची छाती फुगली. खंड दर वेळी नियमानुसार दिला आहे, एकदाही चुकलेला नाही, असं ते म्हणाले. आवारातल्या नळाला आठ-आठ दिवस पाणी नसलं तरी ज्याला फिकीर नसते, त्या कार्यालयानं एका बाईला बाहेर काढण्यात मात्र एकवीस वर्षांत एका दिवसाची चूक केली नव्हती.

मग संघमित्राचे वकील उठले. प्रेमराज त्यांचं नाव. आवाज बारीक, बोलणं संथ. त्यांनी गठ्ठ्यातून मागच्या मार्चचा एक आदेश काढला आणि साहेबांना विचारलं, त्या खंडाच्या दिवशी बाई कार्यालयात होत्या का? साहेब म्हणाले, खंड म्हणजे खंड, त्या फाटकाच्या आतसुद्धा आल्या नव्हत्या. हा पुढच्या नेमणुकीचा आदेश त्याच तारखेचा ना? हो. खाली सही तुमची? माझीच. टाइप तुम्ही केला? साहेब हसले. ते कशाला करतील? मग कायम असलेल्या दोन कारकुनांपैकी कोणी? साहेब पुन्हा हसले. त्यांना संगणक सुरू करता येतो का, इथपासून प्रश्न होता.

"मग हा आदेश त्या दिवशी टाइप कोणी केला?" वकिलांनी विचारलं.

साहेबांनी कागद हातात घेतला. उलटा करून पाहिला, पुन्हा सुलटा केला. कपाळाला आठी पडली. कार्यालयात काही अडलं की ते जे करायचे, तेच त्यांनी इथेही केलं. कागदावरची नजर न काढता मान जराशी वळवली आणि मोठ्यानं विचारलं,

"सपकाळे मॅडम, हा कोणी टाइप केला हो?"

मध्ये बोलायचं नाही, असं वकिलांनी तिला बजावलं होतं. पण साहेबांनी विचारावं आणि तिनं सांगू नये, असं एकवीस वर्षांत कधी झालं नव्हतं. बोलायच्या आधीच ती उभी राहिली होती.

"मीच, साहेब. तुम्ही चार वाजता सही केलीत."

सरकारी वकील घाईघाईनं कागद चाळू लागले. न्यायाधीशांनी चष्मा काढला आणि लघुलेखकाकडे पाहिलं.

"प्रश्न लिहा, उत्तर लिहा," ते म्हणाले. "आणि साहेबांनी कोणाला विचारलं, तेही लिहा."